एक चित्रपट, दोन गल्ले: एल्विस प्रेस्ली आणि निर्माता हॅल वॉलिस यांच्या भागीदारीचा हिशेब

१९५६ च्या मार्च महिन्याच्या अखेरीस हॉलिवूडमधल्या पॅरामाउंट स्टुडिओत २१ वर्षांच्या एका गायकाची पडदाचाचणी झाली. चाचणीचे दोन भाग होते. एकात त्याने एका आगामी चित्रपटातले संवाद म्हणून दाखवायचे होते. दुसऱ्यात त्याच्या हाती देखाव्याची गिटार देण्यात आली, त्याचेच आधी ध्वनिमुद्रित झालेले गाणे लावण्यात आले आणि त्यावर त्याने नुसते ओठ हलवायचे होते. ज्याचा आवाज रेडिओवरून घरोघरी पोचला होता, त्या माणसाची परीक्षा त्याला गप्प ठेवून घ्यावी हे वरवर पाहता विचित्र वाटते. पण परीक्षकाला आवाजाबद्दल शंका नव्हतीच. आवाज तबकडीवर तयार होता आणि तो खपतो हेही बाजाराने दाखवून दिले होते. कॅमेऱ्यासमोर हा देह त्या आवाजाला शोभतो की नाही, एवढेच त्याला पाहायचे होते.

गायक होता एल्विस प्रेस्ली आणि परीक्षक होता निर्माता हॅल वॉलिस. या चाचणीनंतर दोघांमध्ये झालेला करार पुढे सुमारे दहा वर्षे टिकला आणि त्यातून १९५७ ते १९६७ या काळात नऊ चित्रपट निघाले. एल्विसने अभिनय केलेल्या कथापटांची एकूण संख्या ३१ आहे. म्हणजे वॉलिसचा वाटा संख्येने एक तृतीयांशाहूनही कमी. तरीही संगीतातला तारा आणि चित्रपटाचा निर्माता यांची भागीदारी कशी चालते, पैसा कुठून येतो, कोणाच्या खिशात जातो आणि अशी भागीदारी जोरात चाललेली असतानाच आतून का पोखरली जाते, हे समजून घ्यायला याहून उघडे उदाहरण मला माहीत नाही.

आधी निर्माता म्हणजे काय ते स्पष्ट करू, कारण पडद्यावर त्याचे नाव येते पण काम दिसत नाही. निर्माता गोष्ट विकत घेतो, पैसा उभा करतो, लेखक, दिग्दर्शक आणि नट यांना कराराने बांधतो आणि चित्र वेळेत व ठरलेल्या खर्चात पुरे होईल याची जबाबदारी घेतो. चित्र आपटले तर पहिली झळ त्याला आणि त्याला पैसा पुरवणाऱ्या स्टुडिओला लागते. म्हणून चांगला निर्माता आयुष्यभर एकाच गोष्टीच्या शोधात असतो: ज्याचा प्रेक्षक आधीच ठरलेला आहे असा माल. वॉलिस या कामात मुरलेला होता. वॉर्नर ब्रदर्समध्ये तो निर्मितीप्रमुख होता आणि ‘कॅसाब्लांका’ हे त्याचे चित्र. १९४४ मध्ये त्या चित्राला ऑस्कर जाहीर झाले, तेव्हा तो उठून मंचाकडे निघाला. पण त्याच्या आधी स्टुडिओचा मालक जॅक वॉर्नर तिथे पोचला आणि त्याने पारितोषिक स्वीकारले. त्याच वर्षी वॉलिसने ती कंपनी सोडली, स्वतःची निर्मितीसंस्था काढली आणि पॅरामाउंटशी संधान बांधले. कागदावर काय लिहिले आहे याला तो पुढे जे महत्त्व देत राहिला, त्याची मुळे या अपमानात असावीत असे मला वाटते.

एल्विसच्या आधी वॉलिसने हाच प्रयोग एकदा यशस्वी केला होता. रात्रीच्या क्लबांत गाजत असलेली गायक डीन मार्टिन आणि विनोदवीर जेरी लुइस यांची जोडी त्याने १९४९ मध्ये चित्रपटात आणली. त्यांच्यासाठी प्रेक्षक नव्याने घडवावा लागला नाही. तो क्लबमधून चित्रपटगृहात नुसता वळवावा लागला. १९५६ च्या जुलैमध्ये ती जोडी फुटली. म्हणजे एल्विसला दूरचित्रवाणीवर पाहून वॉलिसने चाचणीला बोलावले, त्या दिवसांत त्याच्या जुन्या खात्रीच्या मालाला तडे जात होते.

आता कराराकडे वळू, कारण पुढचे सगळे रामायण तिथून सुरू होते. करार एका चित्रपटाचा होता आणि त्यापुढच्या सहा चित्रपटांसाठी ‘ऑप्शन’ होता. ऑप्शन म्हणजे काय हे विसाराच्या उदाहरणाने समजते. विसार देऊन एखादे घर अडकवून ठेवले, की घेणाऱ्याला ते घ्यायचे की नाही हे नंतर ठरवता येते, पण मालकाला ते दुसऱ्याला विकता येत नाही. चित्रपटातल्या ऑप्शनचेही तसेच असते. निर्मात्याला पुढचे चित्र करण्याचा हक्क मिळतो, बंधन येत नाही. नटावर बंधन येते, हक्क मिळत नाही. गायक वर्षभरात विस्मरणात गेला तर निर्माता ऑप्शन सोडून देतो. तो गगनाला भिडला, तर निर्मात्याकडे तो जुन्याच ठरलेल्या दराने असतो. नव्या कलावंताला हा सौदा उदार वाटतो, कारण सही करताना त्याच्या हातात फारसे काही नसते. दोन वर्षांनी तोच कागद त्याला बेडीसारखा वाटू लागतो, आणि मग त्याचा व्यवस्थापक बोनस, वाढीव मानधन आणि नफ्यातला वाटा मिळवण्यासाठी निर्मात्याचे दार ठोठावू लागतो. एल्विसचा व्यवस्थापक कर्नल टॉम पार्कर याने पुढची दहा वर्षे वॉलिसचे दार नेमके असेच ठोठावले.

या करारात एक खिडकी मात्र उघडी ठेवलेली होती. एल्विसला इतर स्टुडिओंसाठीही काम करता येत होते. वॉलिसकडे त्याच्यासाठी लगेच योग्य गोष्ट तयार नव्हती, म्हणून पहिले चित्र ट्वेंटिएथ सेंच्युरी फॉक्सकडे गेले. अमेरिकेतल्या यादवी युद्धाच्या सुमाराची एक साधी काउबॉय कथा, तिचे नाव होते ‘द रेनो ब्रदर्स’, आणि एल्विसची भूमिका दुय्यम. पण १९५६ च्या सप्टेंबरमध्ये त्याने त्यातले एक गाणे दूरचित्रवाणीवर म्हटले आणि तबकडी दुकानात येण्यापूर्वीच तिच्या सुमारे १० लाख प्रतींची मागणी नोंदली गेली. स्टुडिओने चित्राचे नाव बदलून गाण्याचेच नाव ठेवले: ‘लव्ह मी टेंडर’. रेनो बंधू नावातून गेले ते गेलेच. कथेत एल्विसच्या पात्राचा मृत्यू होता. तो तसाच राहिला, पण शेवटच्या दृश्यावर गाणे म्हणणारी त्याची छायाकृती मागाहून जोडण्यात आली, कारण आपला गायक मेलेला पाहून प्रेक्षकांनी घरी जावे हे कोणालाच परवडणारे नव्हते.

नाव बदलण्यामागचा हिशेब साधा आहे. रेडिओवर गाणे जितक्या वेळा वाजेल तितक्या वेळा चित्रपटाचे नाव उच्चारले जाते आणि या जाहिरातीसाठी निर्मात्याला पैसे मोजावे लागत नाहीत. उलट बाजूने पाहिले, तर चित्रपट ज्या ज्या गावात लागतो तिथे तबकडी विकणाऱ्या कंपनीचा विक्रेता न जाताही दीड तास जाहिरात होते आणि त्या जाहिरातीसाठी लोक तिकीट काढून बसतात. एकाच वस्तूने दोन गल्ले भरतात आणि दोन्ही गल्ल्यांवर वेगवेगळी माणसे बसलेली असतात. या भागीदारीचा जीव इथे आहे आणि पुढे जे बिघडले त्याचे बीजही इथेच आहे.

दुसरा गल्ला कसा चालतो हे समजण्यासाठी गाण्याचे दोन भाग वेगळे करावे लागतात. सामान्य ऐकणाऱ्याला गाणे ही एकच वस्तू वाटते. कायद्याच्या दृष्टीने मात्र तिथे दोन वस्तू असतात. एक म्हणजे रचना, अर्थात शब्द आणि चाल. तिचा हक्क कवी-संगीतकाराचा आणि ती प्रसिद्ध करणाऱ्या प्रकाशन कंपनीचा. दुसरी म्हणजे ध्वनिमुद्रण, अर्थात त्या दिवशी त्या गायकाने त्या स्टुडिओत म्हटलेले ते विशिष्ट गायन. त्याचा हक्क तबकडी काढणाऱ्या कंपनीचा. एल्विसच्या बाबतीत ध्वनिमुद्रणे आरसीएची होती. त्या कंपनीने १९५५ च्या नोव्हेंबरमध्ये मेम्फिसच्या सन रेकॉर्ड्सकडून त्याचा करार ३५ हजार डॉलरना विकत घेतला होता. रचनांचा कारभार हिल अँड रेंज या प्रकाशन कंपनीकडे होता, आणि तिने एल्विसच्याच नावाने उपकंपन्या काढून त्याला त्यांत भागीदार केले होते. चित्रफीत तेवढी निर्मात्याची आणि स्टुडिओची.

आता आकडा पाहू. अमेरिकेच्या १९०९ च्या कायद्यानुसार तबकडीच्या प्रत्येक प्रतीमागे प्रत्येक गाण्याच्या रचनेला २ सेंट द्यावे लागत, आणि हा दर १९७० च्या दशकाच्या उत्तरार्धापर्यंत तसाच होता. दोन सेंट म्हणजे काहीच नाही असे वाटेल. पण १२ गाण्यांच्या एका तबकडीवर ते २४ सेंट होतात आणि अशा १० लाख तबकड्या खपल्या तर पूर्ण दराने २ लाख ४० हजार डॉलर. रूढ वाटणीप्रमाणे त्यातला निम्मा भाग गीतकार-संगीतकारांचा आणि निम्मा प्रकाशकाचा. म्हणजे ज्याच्या मालकीची प्रकाशन कंपनी आहे, त्याला गाणे कोणी लिहिले, चांगले की वाईट, याच्याशी देणेघेणे न ठेवताही पैसा मिळतो. फक्त ते गाणे त्याच्या कंपनीचे असले पाहिजे. एल्विसच्या मंडळींनी याहून पुढचे पाऊल टाकले. त्याने आपले गाणे गावे अशी इच्छा असणाऱ्या गीतकारांना आपल्या वाट्यातलाही काही भाग सोडावा लागे.

त्या पहिल्या चित्रातल्या गाण्याची जन्मकथा या व्यवस्थेवर झगझगीत प्रकाश टाकते. त्याची चाल १८६१ च्या ‘ऑरा ली’ या अमेरिकन गीताची, म्हणजे हक्क केव्हाच संपलेली आणि कोणालाही फुकट वापरता येण्याजोगी. नवे शब्द लिहिले चित्रपटाच्या संगीत विभागातल्या केन डार्बीने. तबकडीवर मात्र रचनाकार म्हणून नावे छापली गेली ती एल्विस प्रेस्ली आणि व्हेरा मॅटसन यांची. व्हेरा मॅटसन ही डार्बीची पत्नी. चाल मृत माणसाची, शब्द नवऱ्याचे, सही बायकोची आणि गायकाची. जुनी चाल घेऊन तिच्यावर नवे शब्द बसवले की नवा हक्क जन्माला येतो आणि त्याचे २ सेंट पहिल्या प्रतीपासून मोजता येतात.

वॉलिसने स्वतःची दोन चित्रे एल्विसच्या सैन्यभरतीपूर्वी केली आणि ती दोन्ही आजही बघवतात, असे माझे मत आहे. पहिल्या ‘लव्हिंग यू’साठी त्याने लेखक-दिग्दर्शक हॅल कँटरला एल्विसचा कार्यक्रम प्रत्यक्ष पाहायला पाठवले आणि मालाची ने-आण करणारा एक मुलगा गायक म्हणून प्रसिद्ध होतो अशी, जवळजवळ एल्विसचीच गोष्ट पडद्यावर आणली. याच चित्राच्या वेळी ध्वनिमुद्रण पॅरामाउंटच्या अवाढव्य ध्वनिमंचावर सुरू झाले. तिथे एल्विसचा जीव रमेना, तेव्हा काम हॉलिवूडमधल्या रेडिओ रेकॉर्डर्स या लहान स्टुडिओत हलवावे लागले. निर्मात्याच्या दृष्टीने गाणे ही चित्राची एक गरज होती, गायकाच्या दृष्टीने ती खोलीत बसून मित्रांबरोबर करायची गोष्ट होती. दोघांच्या कामाची जात वेगळी असल्याचे या छोट्या अडचणीतून पहिल्यांदा दिसले. दुसरे चित्र ‘किंग क्रिओल’. त्याचे दिग्दर्शन वॉलिसने ‘कॅसाब्लांका’च्या मायकेल कर्टिझकडे दिले, चित्रीकरण न्यू ऑर्लिन्समध्ये नेले आणि ते पुरे व्हावे म्हणून एल्विसला सैन्यात हजर होण्यासाठी ६० दिवसांची मुदतवाढ मिळाली. २४ मार्च १९५८ रोजी तो भरती झाला.

तो जर्मनीत सैनिक असतानाच वॉलिसने पुढच्या चित्राची तयारी सुरू केली. चित्र जर्मनीतल्या अमेरिकन सैनिकाचेच होते. तिथली बाह्यदृश्ये त्याने एल्विसच्या जागी दुसरा माणूस उभा करून टिपून घेतली. खरा एल्विस त्याच देशात असून कॅमेऱ्यासमोर नव्हता, कारण तो सरकारी नोकरीत होता. १९६० च्या मार्चमध्ये तो परतला आणि नोव्हेंबरमध्ये ‘जी. आय. ब्लूज’ पडद्यावर आले. हलकेफुलके चित्र, भरपूर गाणी, दिग्दर्शक नॉर्मन टॉरॉग. चित्र चालले आणि त्याची तबकडीही पहिल्या क्रमांकावर गेली.

याच सुमारास एक प्रयोग झाला. कोणी ठरवून केला नव्हता, पण त्याचे निष्कर्ष सगळ्यांनी वाचले. फॉक्सने एल्विसला घेऊन १९६० आणि १९६१ मध्ये दोन गंभीर चित्रे केली. पहिल्यात तर गाणी जेमतेम दोन होती. ती वॉलिसच्या गाण्यांनी भरलेल्या चित्रांइतकी चालली नाहीत. मग १९६१ च्या नोव्हेंबरमध्ये वॉलिसचे ‘ब्लू हवाई’ आले: समुद्रकिनारा, सुंदर मुली, १४ गाणी. त्याची तबकडी ‘बिलबोर्ड’ या संगीतव्यवसायाच्या साप्ताहिकाच्या यादीत २० आठवडे पहिल्या स्थानावर बसून राहिली. गल्ल्याने दिलेला कौल इतका स्पष्ट होता, की त्यानंतर एल्विसला नट म्हणून काही वेगळे करायचे आहे हा विषय कोणत्याही बैठकीत निघाला तरी टिकणे अवघड होते.

‘ब्लू हवाई’च्या आधीचा एक आठवडा जवळून पाहिला तर हे यंत्र कसे फिरत होते ते दिसते. २१ ते २३ मार्च १९६१ असे तीन दिवस एल्विसने रेडिओ रेकॉर्डर्समध्ये चित्राची गाणी ध्वनिमुद्रित केली. २५ मार्चला तो हवाईतल्या पर्ल हार्बर येथे बुडालेल्या यूएसएस अॅरिझोना या युद्धनौकेच्या स्मारकासाठी झालेल्या निधिसंकलनाच्या कार्यक्रमात प्रत्यक्ष गायला. लगेच हवाईतच चित्रीकरण सुरू झाले. आता क्रम लक्षात घ्या. गाणी आधी, कॅमेरा नंतर. सेटवर ध्वनिक्षेपकातून मुद्रित गाणे वाजते, नट त्यावर ओठ हलवतो आणि दिग्दर्शक एकच ओळ पाच कोनांतून पाच वेळा टिपतो. आवाज तोच असल्यामुळे तुकडे नंतर बेमालूम जोडता येतात. प्रत्यक्ष गायला लावले तर दर वेळी लय आणि श्वास थोडा बदलेल आणि जोडकाम बिघडेल. तंत्राच्या या सोयीचा व्यापारी लाभ असा, की गाणी कित्येक महिने आधी तयार असतात आणि चित्र लागण्याच्या सुमारास तबकडी दुकानात हजर ठेवता येते. पर्ल हार्बरच्या त्या संध्याकाळनंतर एल्विसने १९६८ पर्यंत श्रोत्यांपुढे एकही कार्यक्रम केला नाही. त्याची गरजच उरली नव्हती. यंत्र त्याच्याशिवाय गावोगावी जात होते.

गाणी मिळवण्याची पद्धतही कारखान्याला शोभेल अशी होती. पटकथेत गाण्यांच्या जागा खुणावल्या जात, तिच्या प्रती प्रकाशन कंपनीमार्फत तिच्याशी बांधलेल्या अनेक गीतकारांना पाठवल्या जात आणि एकाच जागेसाठी चार-पाच जोड्या गाणी लिहून, एल्विसची नक्कल करणाऱ्या गायकाकडून नमुना म्हणून गाऊन घेऊन पाठवत. एल्विस त्या नमुन्यांतून निवड करी. तबकडी भरायला दहा-बारा गाणी लागतात, म्हणून चित्रात दहा-बारा जागा निर्माण कराव्या लागतात. आणि प्रेमप्रसंग तर दोन-तीनच असतात. उरलेल्या जागा कशाने भरायच्या? १९६२ च्या वॉलिसच्या चित्रात एल्विसने कोळंबीवर गाणे म्हटले. १९६६ च्या चित्रात हेलिकॉप्टरमध्ये कुत्र्यांना उद्देशून म्हटले. १९६७ च्या चित्रात योगासनांच्या वर्गात म्हटले. न्यायाने हेही सांगितले पाहिजे, की कोळंबीच्या त्याच चित्रात ‘रिटर्न टू सेंडर’सारखे अस्सल गाणेही होते. वाईट गाणी लिहिणारे गीतकार वाईट नव्हते. त्यांना भरायला दिलेली जागाच तशी होती.

मग चांगले गीतकार कुठे गेले, असा प्रश्न वाचकाला पडेल. जेरी लीबर आणि माइक स्टोलर यांचे उदाहरण बोलके आहे. सैन्यापूर्वीच्या चित्रांतली सर्वांत दमदार गाणी या दोघांची. त्यांनीच पुढे सांगितलेली हकिगत अशी, की एल्विसला घेऊन एका मोठ्या दिग्दर्शकाकडून गंभीर चित्र करून घेण्याची कल्पना त्यांनी वरच्या मंडळींपुढे मांडली, तेव्हा कल्पनेवर चर्चा होण्याऐवजी, प्रेस्लीच्या कारकिर्दीत पुन्हा ढवळाढवळ केलीत तर याद राखा, अशी तंबी त्यांना मिळाली. त्यांनी हळूहळू अंग काढून घेतले. वाटा सोडायला तयार नसलेले इतर गीतकार तर मुळात दारापर्यंतच येत नव्हते. २ सेंटांसाठी बांधलेली भिंत चांगल्या गाण्यांनाही बाहेर ठेवत होती.

या सगळ्यात वॉलिसला दोष द्यावा का? मला तसे वाटत नाही, निदान पूर्ण दोष नाही. त्याच्या बाजूने पाहा. इतर चित्रांत त्याला जोखीम घ्यायची होती आणि ती घेण्यासाठी खात्रीचे उत्पन्न हवे होते. १९६४ साली त्याने एकीकडे एल्विसचे ‘राउस्टअबाउट’ काढले आणि त्याच वर्षी रिचर्ड बर्टन व पीटर ओटूल यांचे ‘बेकेट’ हे ऐतिहासिक चित्रही काढले. ‘बेकेट’ला ऑस्करची १२ नामांकने मिळाली. ‘राउस्टअबाउट’ची तबकडी १९६५ च्या सुरुवातीला पहिल्या क्रमांकावर गेली. एका निर्मात्याच्या दृष्टीने हे आदर्श वर्ष होते: एका खात्यावर पैसा, दुसऱ्या खात्यावर प्रतिष्ठा. पण एल्विसच्या बाजूने पाहिले तर त्याच्या नावावर एकच खाते होते. निर्माता आपली जोखीम वेगवेगळ्या चित्रांत वाटून घेऊ शकतो. ताऱ्याचे भांडवल म्हणजे त्याचे नाव आणि त्याची वर्षे, आणि ती वाटता येत नाहीत. दोघांनाही दर चित्रामागे लाभ होत होता, तरी एकाचे भांडवल वाढत होते आणि दुसऱ्याचे झिजत होते. चित्रागणिक हिशेब करणाऱ्याला ही झीज वहीत दिसत नाही.

ती दिसावी म्हणून ज्याने लक्ष ठेवायचे तो व्यवस्थापक. टॉम पार्कर मूळचा नेदरलँड्समधला, जत्रांमधल्या खेळांच्या धंद्यातून वर आलेला. आधी ठरलेली ठोक रक्कम त्याला प्रिय होती आणि पटकथेत त्याला रस नव्हता. त्याचा वाटा सुरुवातीला उत्पन्नाच्या २५ टक्के होता. १९६७ च्या नव्या करारानंतर बऱ्याच उत्पन्नावर तो निम्म्यापर्यंत गेला. टक्केवारीवर जगणाऱ्या माणसाला वर्षाला तीन चित्रे ही एका चांगल्या चित्रापेक्षा नेहमीच गोड लागणार. ताऱ्याचे मानधन जसे वाढले, तसा चित्राच्या बाकी गोष्टींवरचा खर्च आटला, कारण निर्माते एकूण खर्च वाढवायला तयार नव्हते. १९६५ मध्ये दुसऱ्या एका कंपनीच्या चित्रात एल्विसचे मानधनच सुमारे निम्मा खर्च खाऊन गेले. मग नवी गाणी ध्वनिमुद्रित करण्याऐवजी जुनी, आधीच प्रसिद्ध झालेली गाणी वापरण्यात आली. ज्या दुहेरी गल्ल्यासाठी हा सगळा खटाटोप होता, त्यातला एक गल्ला वाचवायला दुसऱ्यालाच कुलूप लावण्याची ही वेळ. वॉलिसची चित्रे या उताराच्या काळातही इतरांच्या मानाने नीटनेटकी होती, पण प्रेक्षकाला निर्मात्याचे नाव पाहून तिकीट काढायची सवय नसते. त्याला एल्विसचे तिसरे तसलेच चित्र दिसत होते.

याच काळात अटलांटिकपलीकडे वेगळा सौदा घडला, तो इथे थोडक्यात सांगण्याजोगा आहे. युनायटेड आर्टिस्ट्स या कंपनीला १९६४ मध्ये बीटल्सच्या चित्रपटातल्या गाण्यांची तबकडी अमेरिकेत काढायची होती. चित्रपट हे त्यासाठीचे निमित्त. निर्माता वॉल्टर शेन्सनने कमी खर्चात, कृष्णधवल चित्र केले, आणि कंपनीला तबकडीतच रस असल्यामुळे चित्राचे हक्क ठरावीक वर्षांनी आपल्याकडे परत येतील अशी तरतूद त्याला मिळवता आली. ज्याला सगळे जाहिरात समजत होते, ती वस्तू त्याने जपून ठेवली. एल्विसच्या बाजूच्या कोणी चित्रफितींच्या भविष्यातल्या किमतीकडे असे पाहिल्याचे दिसत नाही. त्यांचे डोळे पुढच्या सहीच्या रकमेवर होते.

१९६६ च्या शरद ऋतूत वॉलिसने एल्विसबरोबरचे नववे चित्र पुरे केले. ते १९६७ मध्ये लागले, योगासनांचे गाणे त्यातलेच. त्याच्या गाण्यांसाठी लांब तबकडीसुद्धा काढावीशी आरसीएला वाटली नाही. सहा गाण्यांची छोटी तबकडी निघाली आणि तीही फारशी खपली नाही. दुसरा गल्ला रिकामा झाला, की पहिल्याला अर्थ राहत नाही, हे वॉलिसच्या नजरेतून सुटणे शक्य नव्हते. त्याने करार वाढवला नाही. भांडण झाले नाही, निवेदने निघाली नाहीत.

पुढच्या वर्षी जूनमध्ये एल्विसने कॅलिफोर्नियातल्या बर्बँक येथे दूरचित्रवाणीच्या कार्यक्रमासाठी एका लहानशा चौकोनी मंचावर, चारी बाजूंनी बसलेल्या श्रोत्यांच्या मधोमध, जुन्या साथीदारांसह प्रत्यक्ष गाऊन घेतले. ३ डिसेंबर १९६८ रोजी ते अमेरिकेने पाहिले. ३१ जुलै १९६९ रोजी तो लास व्हेगासच्या मंचावर परतला. त्याच उन्हाळ्यात वॉलिसचे ‘ट्रू ग्रिट’ चित्रपटगृहांत चालू होते. नायक जॉन वेन होता, ज्याला त्या भूमिकेसाठी ऑस्कर मिळाले. शीर्षकगीत एका लोकप्रिय गायकाने म्हटले होते आणि त्याच गायकाला, ग्लेन कॅम्पबेलला, वॉलिसने चित्रात एक भूमिकाही दिली होती. या वेळी ती भूमिका दुय्यम होती, आणि पडद्यावर त्याला एकही गाणे म्हणायचे नव्हते.